संगणक पेनड्राइव्हवरून जागा का होत नाही?

धारानगरीच्या भोजराजाच्या नावावर 'समरांगणसूत्रधार' नावाचा वास्तुशास्त्रावरील एक मोठा संस्कृत ग्रंथ आहे. त्याच्या एका अध्यायात नाना प्रकारच्या यंत्रांचे वर्णन येते : कारंजी, आपोआप हालणाऱ्या बाहुल्या, लाकडी पक्ष्याच्या आकाराचे विमान, दारावर पहारा करणारा यंत्रपुरुष. ही यंत्रे जोडावयाची कशी, हे मात्र ग्रंथकार सांगत नाही. आणि आपले हे मौन अज्ञानामुळे नसून गुप्ततेसाठी आहे, अशी पुस्तीही जोडतो. राजाला ते शोभले असेल. शाळेच्या वार्षिक अंकात लिहिणाऱ्या शिक्षकाला शोभणार नाही. सबब आजच्या घरोघरच्या यंत्रातील एक लहानशी, पण पुष्कळांना छळणारी अडचण उलगडून सांगण्याचे आम्ही योजिले आहे. आम्ही कलाशाखेचे पदवीधर. यंत्रशास्त्र हा आमचा विषय नव्हे. परंतु व्याकरण शिकविणाऱ्याला वाक्य कोठे तुटले हे शोधण्याची सवय असते, आणि येथेही तीच उपयोगी पडते.

अडचण अशी. १४ ऑक्टोबर २०२५ रोजी मायक्रोसॉफ्टने 'विंडोज १०' या प्रणालीचा नेहमीचा आधार थांबविला. पुढची 'विंडोज ११' ही प्रणाली यंत्राकडून अशा काही गोष्टी मागते, की ज्या आठ-दहा वर्षांपूर्वी घेतलेल्या बहुतेक संगणकांपाशी नाहीत. धार व देवास येथील कितीतरी मराठी घरांत असा संगणक आज कोपऱ्यात झाकून ठेवलेला दिसेल. 'आता हा भंगारात द्या, नवा घ्या,' असा सल्ला दुकानातून मिळतो. नव्याची किंमत मध्यम स्थितीच्या कुटुंबाच्या महिन्याच्या खर्चाला भारी पडते, आणि मुलाचा अभ्यास तेवढ्यावर अडतो. वास्तविक त्या यंत्राची स्मरणशक्ती शाबूत असते, कळफलक चालतो, पडदा उजळतो. त्यावर 'लिनक्स' जातीची एखादी मोफत प्रणाली बसविली, तर ते आणखी काही वर्षे सुखाने काम देते. डेबियन ही अशीच एक जगन्मान्य प्रणाली. तिच्याच पायावर आपल्या सी-डॅक या सरकारी संस्थेने 'बॉस' नावाची प्रणाली उभी केली असून तीत मराठीसह अनेक भारतीय भाषांची सोय आहे. ही प्रणाली पेनड्राइव्हवर घ्यावयाची, पेनड्राइव्ह खोबणीत लावावयाचा आणि संगणक त्यावरून सुरू करावयाचा, एवढेच काम. पण नेमके येथेच घोडे अडते. संगणक पेनड्राइव्हकडे ढुंकूनही पाहत नाही. पुन्हा जुनी विंडोजच उघडते, नाही तर काळ्या पडद्यावर 'नो बूटेबल डिव्हाइस' अशी पांढरी अक्षरे उमटतात.

जाता जाता एक गोष्ट सांगण्याजोगी आहे. ज्या यूएसबी खोबणीत आपण पेनड्राइव्ह खुपसतो, ती योजना आखणाऱ्या इंटेल कंपनीतील मंडळींचे अग्रणी अजय भट्ट हे बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठाचे विद्यार्थी. या योजनेची पहिली आवृत्ती जानेवारी १९९६ मध्ये प्रसिद्ध झाली. पेनड्राइव्ह बाजारात आले ते २००० साली. त्यापूर्वी प्रणाली बसविण्यास चकती लागे.

आता मूळ प्रश्न. संगणक 'जागा होतो' म्हणजे काय होते? संगणक जे काही करतो ते आज्ञावली वाचून करतो. परंतु तबकडीवरील आज्ञावली वाचावी कशी, हे सांगणारीही एक आज्ञावलीच असावी लागते. मग ती पहिली कोणी वाचावयाची? कितीही तरबेज डोंबारी स्वतःच्या खांद्यावर स्वतः चढू शकत नाही, हा आपल्या शास्त्रीमंडळींचा जुना दृष्टान्त येथे तंतोतंत लागू पडतो. इंग्रजांनी याच अर्थाने आपल्या बुटाचे बंद धरून आपणच वर उचलले जाण्याची कल्पना केली, आणि 'बूट करणे' हा शब्दप्रयोग त्यातून निघाला. यावर तोड अशी काढण्यात आली, की मुख्य फळीवरील एका चिपेत एक छोटी आज्ञावली कायमची कोरून ठेवावयाची. वीज आली की ती आपोआप चालू होते. स्मृती, कळफलक, पडदा यांची हजेरी घेते. आणि मग ठरलेल्या क्रमाने तबकडी, चकती, पेनड्राइव्ह यांची दारे ठोठावीत जाते. जेथे पुढची आज्ञावली मिळेल तेथे ती आपला कारभार सोपवून मोकळी होते. ती दुसरी आज्ञावली प्रणालीचा गाभा उचलून स्मृतीत आणते, आणि मग तो गाभा सर्व सूत्रे हाती घेतो.

जुन्या काळी टपाल अशाच रीतीने जाई. एक हरकारा थैली घेऊन एका चौकीपासून दुसऱ्या चौकीपर्यंत धावे, तेथे दुसरा उभा असे. थैली पोचली नाही, तर शहाणा कारभारी सर्व हरकाऱ्यांना फटके मारीत सुटत नसे; थैली कोणत्या चौकीपर्यंत आली होती, एवढेच तो विचारी. पेनड्राइव्हच्या बाबतीत मात्र आपण नेमके उलट वागतो. कोणी सांगते अमुक बदला, कोणी सांगते तमुक दाबा. आपण चार गोष्टी एकदम बदलतो, आणि कशाने काय झाले ते आपल्यालाच कळेनासे होते. तेव्हा एका वेळी एकच गोष्ट बदलावी, आणि काय बदलले ते वहीत टिपावे.

पहिली चौकी म्हणजे निवडीची यादी. संगणक सुरू करताक्षणी एक ठराविक कळ वारंवार दाबली असता, 'कशावरून सुरू होऊ?' असे विचारणारी यादी पडद्यावर येते. डेल व लेनोव्हो यांच्या बहुतेक संगणकांत ती कळ एफ१२ असते, एचपीमध्ये एफ९, आसूसच्या मांडीवरील संगणकांत एस्केप. एसरमध्येही एफ१२ च असते, पण पुष्कळदा ती आधी अंतर्गत मांडणीच्या पडद्यावर जाऊन चालू करावी लागते. विंडोज ८ पासून आणखी एक खोच आहे. आपण संगणक 'बंद' केला असे समजतो, तेव्हा तो पुरता बंद झालेला नसतो. लवकर उठता यावे म्हणून प्रणालीच्या गाभ्याचे टिपण तबकडीवर ठेवून तो नुसता डोळे मिटतो. उठताना तो इतक्या घाईत असतो, की आपली कळ त्याला ऐकूच येत नाही. यावर उपाय म्हणजे शिफ्ट कळ दाबून धरून 'रीस्टार्ट' निवडावे. मग निळ्या पडद्यावर काही पर्याय येतात. त्यांत दुसऱ्या साधनावरून सुरू करण्याचाही पर्याय बहुधा असतो.

यादी आली, पण तीत पेनड्राइव्हचे नावच नाही, तर थैली पहिल्या चौकीवरही आलेली नाही. येथे दोन साधे प्रयोग करावेत. तोच पेनड्राइव्ह दुसऱ्या संगणकाला लावून पाहावा, आणि दुसरा, चालतो असे ठाऊक असलेला पेनड्राइव्ह या संगणकाला लावून पाहावा. पहिला प्रयोग पेनड्राइव्हची परीक्षा घेतो, दुसरा संगणकाची. विज्ञानाच्या तासाला आपण याच न्यायाने दोन परीक्षानळ्या शेजारी शेजारी ठेवतो. दोष संगणकाकडे निघाला, तर खोबणी बदलावी. पुढच्या बाजूच्या खोबण्या आतून तारेने जोडलेल्या असतात आणि ती तार पुष्कळदा ढिली असते. मागच्या बाजूच्या थेट मुख्य फळीवर असतात. जुन्या यंत्रांत निळ्या जिभेच्या वेगवान खोबणीपेक्षा काळ्या जिभेची साधी खोबणी अधिक भरवशाची ठरते. आणखी एक चकवा आहे : कित्येक जुनी यंत्रे पेनड्राइव्हला पेनड्राइव्ह म्हणून ओळखतच नाहीत. ती त्याला 'हार्ड डिस्क'च्या पोटयादीत बसवितात, आणि तेथे जाऊन त्याला तबकडीच्या वर सरकवावे लागते.

आता दुसरी चौकी. नाव यादीत दिसते, आपण ते निवडतो, आणि तरीही काही घडत नाही. येथे निम्म्याहून अधिक वेळा दोष पेनड्राइव्ह तयार करण्याच्या रीतीत असतो, असा आमचा अनुभव आहे. प्रणाली महाजालावरून उतरवून घेतली की ती एका मोठ्या 'आयएसओ' फाइलीच्या रूपाने हाती येते. ती फाइल पेनड्राइव्हवर नुसती उतरवून ठेवली, म्हणजे काम झाले, असे विद्यार्थी समजतात. हे म्हणजे घराचा नकाशा मोकळ्या जागेवर ठेवून त्यात राहावयास जाण्यासारखे आहे. त्या फाइलीत संपूर्ण चकतीचा ठसा आहे. तो ठसा पेनड्राइव्हवर पहिल्या कणापासून उमटवावा लागतो. त्यासाठी रूफस, एचर अशी मोफत साधने मिळतात. ठसा उमटविताना पेनड्राइव्हवरील पूर्वीचे सर्व पुसले जाते, हे ध्यानात ठेवावे. त्यावर ताईच्या लग्नाची छायाचित्रे असतील, तर ती आधी अन्यत्र हलवावीत.

ठसा उमटविण्यापूर्वी उतरवलेली फाइल पुरी व शुद्ध आली आहे का, तेही पाहावे. प्रसिद्ध करणारी संस्था फाइलीबरोबर ६४ अक्षरांचा एक 'शा-२५६' अंक देते. आपल्याकडील फाइलीवर तेच गणित केले असता तोच अंक आला पाहिजे. अब्जावधी अक्षरांत एक जरी इकडचे तिकडे झाले, तरी हा अंक सर्वस्वी निराळा येतो. शुद्धलेखन तपासणाऱ्या आमच्यासारख्यांना या गणिताचा हेवा वाटतो.

एवढे करूनही दार उघडत नसेल, तर मात्र विषयाच्या गाभ्याशी आलो असे समजावे. आणि तो समजण्यास देवासकरांना तरी अडचण पडू नये. पवार घराण्यातील तुकोजी व जिवाजी या दोघा भावांच्या दोन गाद्या देवास या एकाच नगरात नांदत होत्या. एक थोरली पाती, दुसरी धाकटी पाती. राजवाडे दोन, कारभार दोन, नगर मात्र एक. १९४८ मध्ये दोन्ही मध्यभारतात विलीन झाल्या. एका पातीच्या दरबाराच्या नावाचे पत्र दुसऱ्या पातीच्या दरबारी नेऊन दिले, तर ते कितीही खरे असले तरी तेथे त्याचा काय उपयोग?

आपल्या संगणकात अशाच दोन पात्या आहेत. थोरली पाती म्हणजे 'बायॉस'. १९८१ साली आयबीएम कंपनीने आपला वैयक्तिक संगणक आणला तेव्हापासूनची. तिची रीत सरळ. ती पेनड्राइव्हचा अगदी पहिला, ५१२ बाइटांचा तुकडा उचलते. त्याच्या शेवटच्या दोन बाइटांत '५५ एए' ही खूण असली, तर हा तुकडा चालवावयाचा. नसली, तर पुढच्या दाराकडे जावयाचे. आमच्या कोंकणीत खुणेला 'कुरू' म्हणतात. ही एवढीशी कुरू नसेल, तर आतली सारी संपत्ती असून नसल्यासारखी. त्याच तुकड्यात तबकडीच्या वाटण्यांचा ६४ बाइटांचा तक्ताही असतो. त्यातील आकड्यांना जागा मोजकी असल्यामुळे सुमारे २ टेराबाइटांपलीकडची तबकडी थोरल्या पातीला पुरी मोजताच येत नाही.

धाकटी पाती म्हणजे 'यूईएफआय'. इंटेलने सुरू केलेल्या या योजनेचा कारभार २००५ पासून अनेक कंपन्यांचे एक मंडळ पाहते. ही पाती पहिल्या तुकड्यातील आज्ञा मानीत नाही. तिला फाइली वाचता येतात. ती पेनड्राइव्हवर 'फॅट' पद्धतीचा कप्पा शोधते, त्यात 'ईएफआय' नावाचा कप्पा, त्याच्या पोटात 'बूट' नावाचा कप्पा, आणि त्यात 'बूटएक्स६४' नावाची फाइल. ती नेमकी त्याच जागी सापडली तर चालवते. म्हणून थोरल्या पातीच्या रीतीने तयार केलेला पेनड्राइव्ह धाकटीला कोरा वाटतो, आणि धाकटीचा थोरलीला. दोष ना पेनड्राइव्हचा ना संगणकाचा. पत्र चुकीच्या दरबारी गेले, इतकेच.

२०१२ नंतरच्या कित्येक यंत्रांत दोन्ही पात्या एकत्र नांदत असत. अशा यंत्राच्या यादीत एकच पेनड्राइव्ह दोनदा दिसतो, एकदा नावामागे 'यूईएफआय' लावून व एकदा नुसताच. पाहणाऱ्याला वाटते यंत्र बहकले. ते बहकलेले नसते. ते विचारीत असते, कोणत्या दरबारी जावयाचे? २०२० च्या सुमारापासून पुष्कळ नव्या यंत्रांत थोरली पाती उरलेलीच नाही. तेथे पेनड्राइव्ह धाकटीच्याच रीतीने बनविला पाहिजे. याउलट २००९ चे यंत्र असेल, तर बहुधा थोरलीच. रूफसमध्ये पेनड्राइव्ह करताना वाटणीची पद्धत विचारली जाते, तेथे 'एमबीआर' म्हणजे थोरल्या पातीचा तक्ता व 'जीपीटी' म्हणजे धाकटीचा, असे लक्षात ठेवावे. डेबियनसारख्या प्रणालींचा ठसा दोन्ही रीतींना चालेल असा घडविलेला असतो. तो आहे तसाच उमटवावा. विंडोज बसविताना, तबकडी थोरल्या पातीची आणि पेनड्राइव्ह मात्र धाकटीतून सुरू केलेला, असे झाले, की 'या तबकडीवर बसविता येत नाही' असा निरोप येतो. तोही याच घरातला कलह.

'फॅट' कप्प्यात एक उणीव आहे. त्याच्या प्रचारातील 'फॅट३२' प्रकारात ४ गिगाबाइटांहून मोठी एकही फाइल मावत नाही, आणि विंडोजची मुख्य फाइल पुष्कळदा त्याहून मोठी असते. म्हणून काही जण पेनड्राइव्ह 'एनटीएफएस' पद्धतीने आखतात, आणि मग कित्येक यंत्रांतील धाकटी पाती त्याला वाचूच शकत नाही. रूफस यासाठी पेनड्राइव्हच्या टोकाला एक चिमुकला वाचनीय कप्पा जोडून देतो. तो अनावश्यक समजून पुसू नये.

यानंतरचा पहारेकरी म्हणजे 'सिक्युअर बूट'. विंडोज ८ बरोबर, २०१२ साली, हा दारावर आला. देवासला १९७४ पासून नोटांचा सरकारी छापखाना आहे. नोट खरी की खोटी हे आपण तिच्यावरील जलचिन्ह पाहून ठरवितो. त्याप्रमाणे हा पहारेकरी प्रत्येक आज्ञावलीवरील अंकमय सही तपासतो व अनोळखी सहीला परत लावतो. पडद्यावर 'सिक्युरिटी' किंवा 'व्हायोलेशन' असा शब्द दिसला, की अडवणूक येथे आहे हे ओळखावे. डेबियनने २०१९ पासून मान्य सही घेतली आहे. लहानसहान प्रणालींपाशी ती नसते. पहाऱ्याला काही काळ सुट्टी देता येते, परंतु त्याआधी एक गोष्ट अवश्य पाहावी. तबकडी 'बिटलॉकर'ने कुलूपबंद असेल, तर पहारा बदलताच विंडोज ४८ अंकी किल्ली मागू लागते. ती हाताशी नसेल, तर घरातील सगळी कागदपत्रे कुलपाआड राहतात. आधी किल्ली कागदावर उतरवून कपाटात ठेवावी, मगच पहाऱ्याला हात लावावा.

काही किरकोळ कारणेही आहेत. मुख्य फळीवर नाण्याएवढा तीन व्होल्टचा सेल असतो. तो संपला की घड्याळ मागे जाते आणि आपण लावलेला क्रम दर वेळी विसरला जातो. सेल सहज मिळतो आणि स्वस्तही असतो. फार जुने यंत्र ३२ बिटांचे असेल, तर त्यावर ६४ बिटांची प्रणाली चालणार नाही. डेबियननेही २०२५ च्या आवृत्तीपासून ३२ बिटांच्या जुन्या यंत्रांवर नव्याने बसविण्याची सोय काढून टाकली आहे. आणि बाजारात ६४ गिगाबाइट असे छापून ८ चा माल विकणारे पेनड्राइव्हही असतात. त्यांवर लिहिले जाते सगळे, उरते थोडे.

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत एका विद्यार्थ्याच्या घरचे असेच एक यंत्र आमच्यासमोर आले. एका दुकानदाराने ते निकामी ठरविले होते. यादीत पेनड्राइव्ह दोनदा दिसत होता, आणि घरची मंडळी दर वेळी वरचे नाव निवडीत होती. आम्ही खालचे निवडावयास सांगितले. पाऊण मिनिटात पडदा उजळला. त्या तबकडीवर त्या मुलाच्या दिवंगत आजोबांच्या आवाजातील कीर्तनांचे मुद्रण होते. दुसरी प्रत कोठेच नव्हती, आणि यंत्र तर भंगारात निघाले होते.

म्हणून पेनड्राइव्हवरून यंत्र उठले, की लगेच 'बसवा' या कळीवर बोट ठेवू नये. बहुतेक लिनक्स प्रणालींच्या 'लाइव्ह' आवृत्त्या तबकडीला न शिवता पेनड्राइव्हवरूनच चालतात. त्या अवस्थेत आवाज येतो का, बिनतारी जोडणी होते का, मराठी अक्षरे नीट उमटतात का, हे पाहून घ्यावे. आणि जुन्या तबकडीवरील जपण्याजोगे सर्व दुसऱ्या एखाद्या साठवणीत उतरवून घ्यावे. विंडोज डोळे मिटून पडलेली असेल, तर तिचा कप्पा पुरता उघडत नाही. अशा वेळी विंडोजमध्ये परत जाऊन, शिफ्ट दाबून धरून 'शट डाउन' निवडावे, म्हणजे ती खरोखर बंद होते. कुलूपबंद तबकडीला अर्थातच ती ४८ अंकी किल्ली लागेल.

नंतर बसविताना प्रणाली विचारते, कोणती तबकडी पुसू? त्या यादीत घरची तबकडी, पेनड्राइव्ह आणि ज्या साठवणीत आपण आत्ताच सारे उतरविले तीही, अशी तिन्ही नावे असतात, आणि ती नावे ओळखीची नसतात. ओळखावे ते मापावरून. ५०० गिगाबाइट असे छापलेली तबकडी पडद्यावर बहुधा सुमारे ४६५ दिसते, कारण छापणारा हजाराने मोजतो व संगणक १०२४ ने. १६ चा पेनड्राइव्ह त्याच हिशेबाने १५ च्या आत दिसतो. जपणुकीची साठवण त्या वेळी खोबणीतून काढूनच ठेवावी, म्हणजे यादीत दोनच नावे उरतात.